भरीचे वाक्य

‘ज्याचं काय हरवलं तो रडतो?’

रिसबूडांनी हे वाक्य फळ्यावर लिहिले, दोन पावले मागे सरून ते न्याहाळले, आणि पुन्हा पुढे होऊन त्याच्या डोक्याशी खडूने एक चांदणी काढली. आमच्या शास्त्रात चांदणी ही शोभेची वस्तू नाही. जे वाक्य भाषेत संभवत नाही, कोणाही भाषिकाच्या मनात जे उपजूच शकत नाही, त्याच्या कपाळी ती मारतात. गुरांना डाग देतात तशी.

“आता सांगा, मिस भोये,” ते म्हणाले, “हे मराठी आहे?”

“आमच्याकडं आहे, सर.”

“तुमच्याकडे म्हणजे कुठे?”

“धारखोऱ्यात. चौथ्या प्रकरणात एकेचाळीस उदाहरणं दिली आहेत. सगळी टेपवर आहेत. बाजारात पोर रडत असलं की बायका असंच विचारतात.”

“बोलताना माणसे चुकतात.”

“एकेचाळीस वेळा, एकच चूक?”

“सर्दीसुद्धा गावभर एकाच वेळी होते, मिस भोये. म्हणून तिला कोणी आरोग्य म्हणत नाही.”

हे बोलून रिसबूड माझ्याकडे पाहून हसले. मीही हसलो. वाक्य चांगले बांधलेले होते, आणि चांगल्या बांधलेल्या वाक्याला दाद न देणे मला तेव्हा जमत नसे.

ही गोष्ट १९८६ सालच्या ऑक्टोबर महिन्यातली आहे. डॉ. विद्याधर रिसबूड हे आमच्या विद्यापीठातील भाषाशास्त्र विभागाचे प्रमुख, आणि जयवंती भोये हिच्या प्रबंधाचे मार्गदर्शक. प्रबंध सादर होण्याआधी विभागाच्या समितीला त्यावर सही करावी लागे. समितीत तीन सदस्य; पैकी एक त्या वर्षी परदेशी असल्यामुळे उरलो आम्ही दोघे. जयवंतीची नोंदणी महिनाअखेरीस संपत होती आणि मुदतवाढ एकदा घेऊन झाली होती. म्हणजे त्या एकतीस तारखेच्या आत दोन सह्या मिळाल्या तर तिला पदवी. न मिळाल्या तर पाच वर्षांचे काम कपाटात. धारखोऱ्यातून दहावीच्या पुढे गेलेली ती पहिली मुलगी होती.

रिसबूडांचे शास्त्र जनरेटिव्ह ग्रामरचे. मोजक्या नियमांतून अगणित वाक्ये मनुष्याच्या मनात कशी निपजतात, आणि कोणती कधीच निपजू शकत नाहीत, याचा शोध ते घेत. त्यांचा स्वतःचा सिद्धांत एका ओळीत सांगता येतो : ‘जो-तो’च्या जोडवाक्यात ‘जो’च्या पोटात प्रश्न घालता येत नाही. ‘ज्याचा बैल हरवला तो रडतो’ हे ठीक. पण बैलाच्या जागी ‘काय’ बसवून विचारू पाहाल तर भाषा तुम्हाला अडवते. ही आडकाठी मराठीच्या कोणत्याही बोलीत मोडत नाही, कारण ती शाळेत शिकवलेली नसून जन्मतःच मेंदूत असते, असे त्यांचे म्हणणे. त्यावरचे त्यांचे पुस्तक परदेशात छापखान्यात गेले होते. जयवंतीचे चौथे प्रकरण म्हणत होते की धारखोऱ्यात ती रोज मोडते.

मी त्या विभागात वाट चुकून आलेला माणूस होतो. माझा विषय जुन्या मराठी गद्याची वाक्यरचना. तीनशे वर्षांपूर्वीचा एखादा कारकून एका श्वासात अठरा क्रियापदे ओढून नेई आणि तरी शेवटी एकाही कर्त्याला वाऱ्यावर सोडत नसे. अशा वाक्यांना मी जीव लावला होता. रिसबूडांच्या उदाहरणांचा मला तिटकारा होता. पंधरा वर्षे त्यांच्या फळ्यावर राम सीतेला आंबा देत होता. तिने तो खाल्ल्याचे कधी कोणी ऐकले नाही. पण जयवंतीच्या चौथ्या प्रकरणाचा मला त्याहून अधिक तिटकारा होता, हेही येथेच सांगून टाकतो. त्या एकेचाळीस वाक्यांत मला भाषेचा कणा मोडलेला ऐकू येई. ‘ज्याचं काय हरवलं तो रडतो’ हे वाचताना मला, ताटात केस सापडावा तसे होई.

“सर, प्रकरण चार काढलं तर प्रबंधात काही उरत नाही,” जयवंती म्हणाली. ती उभी होती. समोर खुर्ची होती, पण तिला कोणी बसा म्हटले नव्हते.

“तीन प्रकरणे उरतात. तेवढ्यावर पदव्या मिळाल्या आहेत.”

“ती तीन प्रकरणं चौथ्याची तयारी आहे.”

“हे पहा,” रिसबूड खुर्चीत बसले. त्यांना कॉपिंग पेन्सिलीचे टोक जिभेला लावण्याची सवय होती, आणि त्यामुळे दुपारपर्यंत त्यांची जीभ व खालचा ओठ जांभळा होई. तो जांभळा ओठ पुसत ते म्हणाले, “लोक काय बोलतात हा माझा प्रश्नच नाही. बोलण्यात खोकला असतो, घाई असते, दारू असते. मला हवे ते त्यांच्या मनातले ज्ञान. ते मिळवण्याचा एकच रस्ता : भाषिकाला समोर बसवायचे, वाक्य वाचून दाखवायचे, आणि विचारायचे, बरोबर की चूक. तुम्ही कोणाला विचारलेत?”

“विचारलं नाही. ऐकलं.”

“चोरून ऐकलेत.”

“त्यांना ठाऊक होतं टेप चालू आहे. दोन दिवसांनी विसरले. म्हणून तर नीट बोलले.”

“मग आपण विचारू या. आणा कोणाला तरी. किंवा असे करा,” आणि येथे त्यांचा आवाज एकदम आर्जवी झाला, “आईलाच आणा. मातृभाषा म्हणतात ना? तुमच्या आईने हे वाक्य बरोबर म्हटले तर मी इथल्या इथे सही करतो. माझ्या पुस्तकाचे माझे मी पाहीन. कबूल?”

जयवंतीने माझ्याकडे पाहिले. मी फळ्याकडे पाहत होतो.

“आई मोठ्या माणसांपुढं बोलत नाही, सर.”

“बोलायचे आहेच कुठे? हो की नाही. बस.”

“मग विचारीन मी. तुम्ही ऐका.”

“ते नियमात बसत नाही,” मी म्हणालो. त्या दुपारी मी उच्चारलेले हे पहिले वाक्य.

नियम माझे होते. विभागाची ‘निवेदक-पत्रकाचे नियम’ नावाची चार पानी पुस्तिका मी लिहिली होती, आणि तिच्यातला प्रत्येक स्वल्पविराम मी तोलून टाकला होता. ज्याला भाषेबद्दल विचारायचे त्या माणसाला आम्ही निवेदक म्हणत असू. संशोधकाने निवेदकासमोर थांबू नये, हा तिसरा नियम. आपले माणूस समोर असले की उत्तर त्याच्याकडे झुकते. सहावा नियम मला विशेष प्रिय होता. पत्रकातील चौदा वाक्यांपैकी पाच भरीची असावीत : साधी, निर्विवाद, कोणीही रोज बोलेल अशी. वादाची वाक्ये त्यांच्यात मिसळायची. भरीच्या एका जरी वाक्याला निवेदकाने चूक म्हटले, तर समजावे की तो वाक्याला उत्तर देत नसून आणखी कशाला तरी देत आहे. आणि ते सगळे पत्रक रद्द करावे.

“तिसरा नियम मला ठाऊक आहे, निजसुरे सर,” जयवंती म्हणाली. “सहावाही. मग तो तरी नीट पाळा.”

“नियम पाळण्याबद्दल मला अजून कोणी शिकवलेले नाही,” मी म्हणालो.

आठ दिवसांनी तिची आई आली. आदल्या दिवशी एस.टी.ने येऊन वसतिगृहात मुलीच्या खोलीवर उतरली होती. बुधीबाई तिचे नाव. साठीची, काटक, गुडघ्यापर्यंत नेसलेले कोरे लुगडे, आणि हातात एक रिकामी पिशवी, जी तिने अखेरपर्यंत सोडली नाही. विभागाच्या दाराशी तिने चपला काढल्या. जयवंती म्हणाली, “आई, इथं राहू दे पायात,” पण तिने ऐकले नाही.

“सायब,” तिने मला विचारले, “पोरीचं काय चुकलं का?”

“नाही. आत एक साहेब आहेत, ते काही वाक्ये वाचतील. तुमच्याकडे तसे बोलतात की नाही, एवढेच सांगायचे. बरोबर किंवा चूक.”

“आनि बरोबर कोन ठरवनार?”

“तुम्हीच.”

ती एवढ्या मोठ्याने हसली की शेजारच्या वर्गातून कोणीतरी डोकावले. “ऐकलं का गं? मी ठरवनार! मला अंगठा कुठं दाबायचा ते ठावं नाय, आनि सायबाला मी सांगनार बरोबर-चूक.”

“आई, खरं असेल ते सांग,” जयवंती म्हणाली. “दुसरं काही नको.”

“हां गं. किती वेळा सांगशील?”

जयवंती व्हरांड्यातल्या बाकावर बसली. मी दार लोटून घेतले.

बुधीबाई आधी जमिनीवर बसल्या. रिसबूडांनी त्यांना आग्रहाने खुर्चीवर बसवले. तेव्हा खुर्चीच्या अगदी काठावर, एखाद्याने उठ म्हटल्यास वेळ लागू नये अशा बेताने त्या टेकल्या. चहा आला. तो त्यांनी घेतला नाही. मी कोपऱ्यातील टेबलाशी पत्रकाची दुसरी प्रत घेऊन बसलो होतो. बरोबर असेल तर खूण, चूक असेल तर चांदणी. पत्रक माझ्याच हस्ताक्षरात होते.

“पहिले वाक्य,” रिसबूड म्हणाले. “‘गाय दूध देते.’”

बुधीबाईंनी त्यांच्याकडे पाहिले, मग माझ्याकडे. “आता व्याली असंल तर देती.”

“तसे नाही बाई. असे बोलतात का तुमच्याकडे? बरोबर?”

“बरोबर.”

“छान. दुसरे. ‘पाऊस आला म्हणून आम्ही घरी थांबलो.’”

“बरोबर.”

तिसरेही बरोबर. चौथे ते वादाचे होते. रिसबूडांनी ते वाचण्यापूर्वी पेन्सिल जिभेला लावली, चष्मा वर केला, आणि मग, मी शपथेवर सांगतो, दुर्गंध आल्यासारखे तोंड करून, शब्दाशब्दावर थांबत ते वाचले : “‘ज्याचं – काय – हरवलं – तो – रडतो?’”

बुधीबाईंचे तोंड उघडले. त्यांच्या ओठांवर जे आले होते ते मला दिसले. त्या उत्तर देणार होत्या. वाक्य बरोबर की चूक हे नव्हे. त्या वाक्यालाच उत्तर देणार होत्या, बाजारात देतात तसे. कोणाचे काय हरवले ते सांगणार होत्या, किंवा विचारणार होत्या. मग त्यांची नजर रिसबूडांच्या चेहऱ्यावर गेली आणि तेथेच राहिली.

“चूक?” त्या म्हणाल्या.

“शाबास!” रिसबूड म्हणाले.

मी चांदणी काढली.

त्यानंतर बुधीबाईंनी वाक्ये ऐकणे सोडून दिले. कान इकडे, पण डोळे त्या एका कपाळावर. रिसबूडांची भुवई हलली की ‘चूक’, मान डोलली की ‘बरोबर’. आणि प्रत्येक ‘चूक’नंतर ‘शाबास’, ‘वा’ किंवा ‘अगदी’. एखादे मूल अंधारात चाचपडताना हाताला भिंत लागली की धीट होते, तशा त्या धीट होत गेल्या. पाठ सरळ झाली. एकदा तर त्यांनी वाक्य पुरे होण्याआधीच निकाल दिला. रिसबूड खुशीत येऊन माझ्याकडे वळले : “पाहिलेत? याला म्हणतात भाषिकाचे ज्ञान. शाळेची हवा न लागलेले!”

नववे वाक्य भरीचे होते. पत्रक तयार करताना पाचवे भरीचे वाक्य मला पटकन सुचेना. निवेदक जयवंतीची आई आहे हे आठवले, आणि सौजन्य म्हणून मी ते लिहिले होते. दुर्दैवाने त्याच ओळीवर शाई थोडी फुटली होती. रिसबूडांनी कागद डोळ्यांजवळ नेला, कपाळाला आठ्या घातल्या, आणि अडखळत वाचले : “‘माझी – मुलगी – शिकली.’”

बुधीबाईंनी त्या आठ्यांकडे पाहिले. मग खाली मांडीवरल्या पिशवीकडे. ओठ दोनदा हलले.

“चूक, सायब,” त्या म्हणाल्या.

रिसबूडांचीही पेन्सिल थांबली. “नीट ऐका बाई. ‘माझी मुलगी शिकली.’ असे कोणी बोलत नाही तुमच्याकडे?”

आता पुन्हा विचारले म्हणजे पहिले उत्तर त्यांना हवे ते नसावे, की खात्री करून घेत असावेत? बुधीबाईंना ठरवता येईना. त्यांनी माझ्याकडे पाहिले. मी मान खाली घातली, कारण निवेदकाला खुणेने सुचवू नये असा माझा पाचवा नियम होता.

“नाय,” त्या म्हणाल्या. “असं आमी नाय बोलत.”

उरलेली पाच वाक्ये रिसबूडांनी घाईने उरकली. मग बाईंना व्हरांड्यात बसवून दार लावून घेतले.

“नऊ नंबर गाळा,” ते म्हणाले.

“नऊ गाळता येत नाही. नऊ चुकले म्हणजे पत्रक रद्द.”

“कोण म्हणते?”

“सहावा नियम.”

“नियम कोणी केला?”

“मी.”

“मग तुम्हीच मोडू शकता. ज्याने केला नाही त्याने मोडणे हा गुन्हा. करणाराने मोडणे ही दुरुस्ती.”

“हा युक्तिवाद नव्हे, कोटी आहे,” मी म्हणालो. “त्या बाई तुमचे कपाळ वाचीत होत्या. चौथ्या वाक्याला त्या उत्तर देणारच होत्या, मी पाहिले. पुन्हा बसवा. मी वाचतो, पाठमोरा उभा राहून वाचतो. पाच मिनिटांचे काम.”

“आणि त्या बरोबर म्हणाल्या तर?”

“तर तुम्ही सही देण्याचे कबूल केले आहे.”

रिसबूड उठून खिडकीशी गेले. मला वाटले आता ते रागावतील, धमकी देतील, माझ्या बढतीचा विषय काढतील. तशी मी तयारीही केली होती. धमकीला देण्याजोगी दोन चांगली वाक्ये माझ्याजवळ होती. पण त्यांनी तसे काहीच केले नाही. ते माझ्याजवळ आले, टेबलावर टेकले, आणि मित्राला विचारावे तसे विचारले :

“निजसुरे, खरे सांगा. या विभागात कान म्हणावा असा तुमचाच आहे. ‘ज्याचं काय हरवलं तो रडतो?’ – हे वाक्य तुम्ही लिहाल?”

“मेलो तरी नाही.”

“विद्यार्थ्याने लिहिले तर?”

“लाल शाईने खोडीन.”

“का?”

“कारण ते घाण आहे.”

“मग?” रिसबूड म्हणाले.

एवढेच. त्या ‘मग’पुढे माझ्याजवळ वाक्य नव्हते. मी दौतीचे झाकण उघडले, कोरा कागद घेतला, आणि माझ्या स्वच्छ, टपोऱ्या, ज्याबद्दल लोक मला नावाजीत त्या हस्ताक्षरात पत्रक पुन्हा लिहून काढले. चौदाची तेरा वाक्ये झाली. क्रमांक नव्याने घातले. खाली दोघांनी सह्या केल्या. जुने पत्रक रिसबूडांनी चार वेळा फाडले आणि टोपलीत टाकले. पुढे त्यांचे पुस्तक निघाले तेव्हा त्यात या पत्रकाची तळटीप होती : धारखोऱ्यातील एका निरक्षर भाषिकेनेही ही रचना निःसंदिग्धपणे अमान्य केली आहे. त्याखाली माझे आभार मानले होते. ते पान उघडे ठेवून मी त्या दिवशी जेवलो होतो, हे मला आठवते.

जयवंतीला आत बोलावले. तिने पत्रक दोन्ही हातांत धरून वाचले, वरून खाली, पुन्हा वरून खाली.

“यात भरीची वाक्यं चार आहेत, सर,” ती मला म्हणाली. “पाच असतात.”

“या वेळी चारच घातली.”

मी आयुष्यात एवढे सफाईदार वाक्य क्वचितच बोललो असेन.

“आणि चौथ्याला आई चूक म्हणाली?”

“आपल्या तोंडाने,” रिसबूड म्हणाले. “निजसुरे साक्षी आहेत. बेटा, वाईट वाटून घेऊ नका. शास्त्रात असे होते. प्रकरण काढा, उद्या सकाळी सही घेऊन जा. अजून नऊ दिवस आहेत.”

“त्या टेपवर सातवा आवाज आईचाच आहे, सर.”

“तिथे त्या चुकल्या असतील. इथे विचार करून बोलल्या.”

जयवंतीने कागद टेबलावर ठेवला. टाकला नाही, कडा टेबलाच्या कडेशी जुळवून ठेवला. “प्रकरण काढणार नाही,” ती म्हणाली.

“मग नोंदणी संपेल.”

“संपू द्या.”

“पाच वर्षे, मिस भोये! एका चुकीच्या वाक्यासाठी?”

ती बाहेर गेली, आणि मी तिच्या मागोमाग गेलो. का गेलो ते मला आजही सांगता येत नाही. तिची समजूत घालावी, असे काहीतरी मनात असावे. मी त्यासाठी एक वाक्य जुळवीतही होतो.

बुधीबाई बाकावरून उठल्या. चेहरा फुललेला होता. आत सुरुवातीला ज्या कोमेजून काठावर बसल्या होत्या, त्या या नव्हेतच.

“झालं गं?” त्यांनी विचारले. “कशी बोलले मी? सायबाला इचार. शाबास म्हनाले मला. चार वेळा!”

“तू काय काय सांगितलंस, आई?”

“तू म्हनालीस खरं सांग. पन मोठ्या मानसाला खरं नाय आवडत, हे तुला कुठं ठावं? तू पुस्तकातली. मी आधी बघून घेतलं त्येचं तोंड. आठी पडली की चूक म्हनायचं, मग ते खूस. म्हनलं, हे खूस झाले तर पोरीची परिक्षा पास. तुझ्यासाठी चूक म्हनले सारं.” मग त्यांनी आवाज उतरवला, आणि पिशवी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. “एकदा तेवढी जीभ अडली बघ. तुझंच निघालं होतं. माझी मुलगी शिकली, म्हनून. आनि त्येच्या कपाळाला ही मोठी आठी! मनात म्हनलं, बये, आता काय करावं. म्हनले चूक. लागलं काळजाला, पन म्हनले. ते बी दोनदा.”

जयवंती हळूहळू माझ्याकडे वळली.

सहावा नियम आम्हा दोघांनाही पाठ होता. खोलीचे दार माझ्या मागे हातभर उघडे होते, आणि आत रिसबूड कोणाशी तरी फोनवर हसत बोलत होते. पाठ फिरवून चार पावले जायचे, आणि तीन शब्द बोलायचे : पत्रक रद्द आहे. ज्याने जन्मभर दुसऱ्यांची वाक्ये पुरी केली त्याला एवढे अवघड नव्हते.

“सर,” ती शेवटी म्हणाली, “अजून सांगता येईल.”

“सह्या झाल्या आहेत,” मी म्हणालो.

“तुमचीच सही आहे.”

“म्हणूनच.”

बुधीबाई एकदा तिच्याकडे, एकदा माझ्याकडे पाहत होत्या. आमचे बोलणे त्यांना कळत नव्हते, पण काहीतरी बिनसले आहे एवढे कळत होते. फुललेला चेहरा थोडा मिटला. “काय म्हनतो सायब? माझं काय चुकलं का?”

जयवंतीने डोळे मिटले. उघडले तेव्हा ती हसत होती. तसे हसू मी पुन्हा कोणाच्या तोंडावर पाहू नये अशी इच्छा करतो.

“नाही गं आई. सर म्हणतात, तू फार नीट सांगितलंस. काम झालं.”

“झालं?”

“झालं. चल आता, गाडी आहे.”

पण बुधीबाई हलल्या नाहीत. मुलीच्या बोलण्यावर त्यांचा भरवसा नसावा. खरे-खोटे मोठ्या माणसाकडूनच कळते, हे त्यांनी त्याच दिवशी अनुभवले होते. त्यांनी माझ्याकडे पाहिले, अगदी तसेच, जसे आत त्या कपाळाकडे पाहत होत्या.

“खरं का, सायब? झालं पोरीचं?”

माझ्या कपाळाला आठी पडू नये याची मी काळजी घेतली.

“झालं,” मी म्हणालो.

तेव्हा त्यांनी पिशवी खाली ठेवली. सकाळपासून पहिल्यांदा. पदर सावरला, वाकल्या, आणि दोन्ही हातांनी माझे बूट धरून त्यांवर कपाळ टेकले. जयवंती त्यांना उठवायला पुढे आली नाही. भिंतीला टेकून, हाताची घडी घालून, ती पाहत उभी राहिली. ती माझे पाय पाहत होती. मला ते मागे घेता आले असते.

“असू द्या, असू द्या,” मी म्हणालो. अशा वेळी आपल्याकडे हेच म्हणतात.